मदत हवी आहे: जुन्या लॅपटॉपवर क्रोम ओएस फ्लेक्स

मंडळी, वाचनालयातले जुने लॅपटॉप विंडोज १० चा सपोर्ट ऑक्टोबर २०२५ मध्ये संपल्यापासून नुसते पडून आहेत. ४ जीबी रॅम, साधी हार्ड डिस्क. विंडोज ११ चा प्रश्नच नाही. म्हणून एकावर पेनड्राइव्हवरूनच क्रोम ओएस फ्लेक्स (विंडोजऐवजी टाकता येणारी गूगलची हलकी ऑपरेटिंग सिस्टीम) चालवून पाहिलं. मशीन चक्क पळायला लागलं! पण वायफायचं नेटवर्कच दिसत नाही. मोबाइल यूएसबीने जोडून नेट दिलं की सगळं सुरळीत.

मॉडेल गूगलच्या प्रमाणित यादीत नाही. पूर्ण इन्स्टॉल केल्यावर कुणाचं वायफाय सुरू झालंय का, की वायफायचा यूएसबी डोंगल घ्यावा? कोणता चालतो? डिस्क पूर्ण पुसली जाते, म्हणून आधीच विचारतोय. प्ले स्टोअर नसलं तरी चालेल, पण मराठी टायपिंग नीट हवं. की सरळ लिनक्स मिंट ही दुसरी मोफत सिस्टीमच टाकू?