सौर कंदील जोडणाऱ्या बायकांवर माहितीपट: २५ हजारांत काय घेऊ?

शेवंता_२: नमस्कार मंडळी. धाराशिवकडं आमच्या गावात बचत गटाच्या सात बायका सौर कंदील जोडतात, दुरुस्तही करतात. माझी चुलती त्यातलीच. लाल वायरीला ती कुंकू म्हणते, काळीला काजळ. तिच्यावर वीसेक मिनिटांचा माहितीपट करायचाय. फोन बरा आहे. २५ हजारांच्या वर एक रुपया नाही. कॅमेरा घेऊ की माइक?

फ्रेमवेडा: फुल फ्रेम, म्हणजे मोठ्या सेन्सरचा कॅमेराच घ्या. मी सव्वा लाखाला घेतला, पैसे वसूल. फोनवर काढलेलं लगेच कळतं.

जोशीबुवा: बजेट वाचलंत का? आधी माइक. मी एका आजींची मुलाखत घेतली, घरी येऊन ऐकतो तर मागं पिठाची गिरणी. चाळीस मिनिटं पाण्यात. कॉलरचा वायरवाला माइक हजार-दीड हजारात येतो.

उंचउडी: ड्रोन! २५० ग्रॅमपर्यंतच्याला पायलटचं प्रमाणपत्रही लागत नाही. वरून पॅनल काय दिसतात!

जोशीबुवा: बायका खोलीत बसून सोल्डरिंग करतात हो. ड्रोन पत्रे मोजणार का?

वैतागराव: सौर म्हणे. आमचा पंप दिवाळीपासून बंद आहे, तक्रार करून थकलो. त्यावर काढा फिल्म.

सर्किट: दिव्याखाली शूट केलं की व्हिडिओत पट्टे येतात. आपली वीज ५० हर्ट्झ, म्हणून कॅमेऱ्याच्या शटरचा वेग सेकंदाचा १/५० किंवा १/१०० ठेवा.

कळफलक: सौर कंदील डीसीवर, म्हणजे बॅटरीच्या एकाच दिशेच्या विजेवर चालतो, त्याला ५० हर्ट्झ कुठले? मंद केला की लुकलुकू शकतो. पूर्ण उजेडावर ठेवून आधी एक चाचणी घ्या.

सर्किट: खोलीत ट्यूबलाइट असेलच की.

मीनाताई: 'राफेया: सोलर मामा' (२०१२) बघ गं. जॉर्डनमधली चार मुलींची आई सौर दुरुस्ती शिकायला राजस्थानात तिलोनियाच्या बेअरफूट कॉलेजात येते. सहा महिन्यांचं शिक्षण, वर्गात भाषा एक नाही, रंग आणि खुणांवर शिकायचं. तुझ्या चुलतीचं कुंकू-काजळ तेच की! पण मला लक्षात राहिला तो तिचा नवरा. परत ये, नाहीतर मुली काढून घेईन, म्हणतो. तुझी चुलती पहिल्यांदा कामाला निघाली तेव्हा घरात काय झालं, ते विचार.

फ्रेमवेडा: ती फिल्म फोनवर काढलेली नाही, एवढंच सांगतो.

वाटसरू: आधी माइक घ्या, असं माझंही मत.

शेवंता_२: सगळ्यांचे आभार. ड्रोन घेतलं, जुनं, २२ हजारांत. चुलतीच म्हणाली, गाव वरनं कसं दिसतंय ते एकदा बघू दे. मीनाताई, काकांना विचारलं. कॅमेऱ्यापुढं बोलणार नाही म्हणाले. ड्रोन उडवतोय म्हटल्यावर मात्र माझ्याआधी गच्चीवर हजर.

उंचउडी: 😎

जोशीबुवा: तीन हजार उरलेत. आणि गिरणी किती वाजता चालू होते, तेवढं विचारून ठेवा.