कार्डाच्या बिलात ॲग्रो एजन्सी कुठून आली? आमच्याकडं तुळशीची कुंडी सोडून शेती नाही

रंकाळ्याकाठची | सोमवार, १८ नोव्हेंबर २०२४, रात्री ९.३५

मी एका पतसंस्थेत हिशेब लिहिते. दुसऱ्यांच्या खात्यातला पाच रुपयांचा फरक सापडेपर्यंत घरी जात नाही, आणि स्वतःच्या क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट मात्र दोन दिवस मेलमध्ये तसंच पडून होतं. आज जेवणं उरकल्यावर उघडलं आणि झोपच उडाली.

मूळ कार्ड माझ्या नावावर, मर्यादा सव्वा लाख. त्याच खात्यावरचं जोडकार्ड, म्हणजे ॲड-ऑन, लेकीकडं, ती पुण्याला शिकते. १६ तारखेच्या बिलात या ओळी मला कळत नाहीत:

१९ ऑक्टोबर, ट्रेंट लिमिटेड, पुणे: १,३९६.००
२७ ऑक्टोबर, कसल्यातरी ॲग्रो एजन्सीचं मधेच तुटलेलं नाव, इचलकरंजी: ४,८६०.००
३० ऑक्टोबर, इंग्रजी आकडे-अक्षरांची खिचडी, परदेशी: ८४.६०
१३ नोव्हेंबर, तीच खिचडी: २,५३३.७७

शेवटच्या दोन्हींखाली आणखी पिल्लं आहेत. २,५३३ च्या खाली ८८.६८ आणि १५.९६, आणि ८४ च्या खाली २.९६ आणि ०.५३. पैशांत हिशेब लागतोय म्हणजे कुणीतरी टक्केवारी लावलीय एवढं माझ्या डोक्यात आलं.

पहिल्या ओळीवरून लेकीला फोन लावला. म्हटलं, हे ट्रेंट काय प्रकार आहे, हॉटेल का? ती म्हणाली, मला माहीत नाही. माहीत नाही म्हणजे काय, पुण्यात तू राहतेस का मी? बराच दंगा झाला. परदेशीचंही विचारलं, ‘नाही’ म्हणाली आणि फोन ठेवला. ऑगस्टमध्ये तिला बाहेरच्या एका परीक्षेची फी भरायची होती म्हणून ॲपमधलं ‘आंतरराष्ट्रीय’ बटण मीच चालू करून दिलं होतं. ते बंद करायचं राहिलं.

मेसेज आले होते. १३ तारखेचा आत्ता सापडला, दागिन्यांच्या ऑफरी आणि उमेदवारांच्या प्रचाराखाली दबलेला.

ह्यांचं म्हणणं, बँकेला फोन केला की ते कार्डच बंद करतात, मग विमा, वीजबिल सगळं पुन्हा जोडत बसा. बुधवारी मतदानाची सुट्टी आहे, तेव्हा निवांत बघू. थांबू का?

---

चहाबाज | रात्री ९.५०

ट्रेंट म्हणजे टाटांची कंपनी हो! वेस्टसाइड आणि झुडिओ त्यांचंच. लेकीनं झुडिओत कपडे घेतले असणार. ती ‘ट्रेंट माहीत नाही’ म्हणाली ते खरंच असेल, पिशवीवर ते नाव कोण वाचतंय?

स्टेटमेंटवर पाटीवरचं नाव येईलच असं नाही, कंपनीचं येऊ शकतं. इन्फिनिटी रिटेल दिसलं तर क्रोमा. एव्हेन्यू सुपरमार्ट्स म्हणजे डीमार्ट, जुबिलंट फूडवर्क्स म्हणजे डॉमिनोज, एफएसएन म्हणजे नायका. माझ्या रूममेटनं एकदा ‘हार्डकॅसल रेस्टॉरंट्स’ बघून कार्ड ब्लॉक केलं होतं. आपल्या भागातली मॅकडोनल्ड्स तीच कंपनी चालवते. बर्गर त्यानं स्वतःच खाल्ला होता.

---

निवृत्त_रोखपाल | रात्री १०.०४

ताई, बुधवारपर्यंत थांबू नका. हा प्रतिसाद वाचून झाला की फोन उचला.

रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक आहे. चूक तुमची नाही, बँकेचीही नाही, तिसऱ्यानंच हात मारला, आणि तुम्ही बँकेचा मेसेज आल्यापासून तीन कामाच्या दिवसांत कळवलं, तर तुमच्यावर एक पैसाही येत नाही. घड्याळ मेसेजपासून सुरू होतं, स्टेटमेंट उघडलं त्या दिवसापासून नाही. मेसेज आला तो दिवस धरत नाहीत. आता मोजा. १३ ला बुधवार. १४ पहिला. १५ ला गुरुनानक जयंती, बँक बंद. १६ चा शनिवार तिसरा, म्हणजे बँक चालू, तो दुसरा. काल रविवार. आज तिसरा. दोन तास उरलेत.

चौथ्या ते सातव्या दिवसात कळवलं तर ‘मर्यादित जबाबदारी’ असते. पाच लाखांपर्यंत मर्यादेच्या कार्डाला दहा हजार किंवा व्यवहाराची रक्कम, यातलं कमी असेल ते. ऐकायला बरं वाटतं, पण तुमचे २,५३३ दहा हजारांहून कमीच, म्हणजे सगळे तुमच्याच गळ्यात. लहान रकमेच्या माणसाला हा एका दिवसाचा फरक फार महागात पडतो. काउंटरवर असताना हे समजावून सांगताना माझा घसा बसायचा.

तुम्हाला न कळणाऱ्या ओळी तीन जातीच्या आहेत, त्यांची भेळ करू नका. ट्रेंट सुटलं. ॲग्रो एजन्सी आपल्याच माणसाचा व्यवहार असायची शक्यता मोठी, तिथं आधी शोध. परदेशी ओळीसाठी मात्र आत्ता फोन. बाहेरच्या साइटवर ओटीपीशिवायही पैसे जाऊ शकतात. आधी डॉलरभर आणि मग मोठी रक्कम, ही कार्ड चालतंय का ते बघण्याची चोरांची जुनी रीत आहे. ती पिल्लं म्हणजे परदेशी व्यवहाराचा साडेतीन टक्के मार्कअप, म्हणजे बँकेचं जादा शुल्क, आणि त्यावर १८ टक्के जीएसटी.

ज्या कार्डावर व्यवहार झाला तोच नंबर बंद करायला सांगा. ॲड-ऑनचा नंबर वेगळा असेल तर तुमचा विमा-वीज तशीच चालू राहील. फोन नंबर कार्डाच्या मागचाच घ्या, गुगलवर शोधू नका, तिथं खोटे हेल्पलाइनवाले टपून बसलेत. तक्रार क्रमांक आणि वेळ लिहून ठेवा. फोन लावण्याआधी लेकीला एकदा शांतपणे विचारा, एवढंच.

---

रंकाळ्याकाठची | रात्री ११.१०

काका, फोन झाला. सव्वीस मिनिटं गाणं ऐकवलं. परदेशी ओळ ॲड-ऑनवरचीच निघाली, तेवढंच बंद केलं. १०.५२ ला तक्रार क्रमांक मिळाला. लेक फोन उचलत नाही, रुसलीय. मेसेज टाकला, ‘परदेशी व्यवहार तुझा नाही ना, नक्की?’ दोन निळ्या खुणा आल्या, उत्तर नाही.

---

सरळमार्गी | रात्री ११.३१

कार्ड कात्रीनं कापा, रोख द्या, सुखी राहा.

---

कापडवाला_लातूर | मंगळवार, १९ नोव्हेंबर, सकाळी ७.२०

दुकान उघडायच्या आत लिहितो. ताई, तुमची ॲग्रो एजन्सी बहुतेक साडीचं दुकान आहे.

आमचंच बघा. पाटीवर माझ्या मुलीचं नाव आहे. स्वाइप मशीन घेतलं तेव्हा चालू खातं वडिलांच्या जुन्या फर्मच्या नावावर होतं, गुमास्ता, म्हणजे दुकानाचा परवाना, तोही त्याच नावाचा. म्हणून गिऱ्हाईक आमच्याकडून पैठणी नेतं आणि त्याच्या स्टेटमेंटवर ‘अमुक ट्रेडिंग कं’ येतं. तेही पूर्ण नाही, कारण त्या रकान्यात वीस-पंचवीस अक्षरं मावतात, पुढचं तुटतं. वर्षाला दोन-तीन जण तरी फोन करून भांडतात. एका बाईंनी थेट बँकेत वाद टाकला, तेव्हा मला बिलाची प्रत, चार्जस्लिप सगळं पाठवावं लागलं होतं.

दुसरं, जरा लाजेनंच सांगतो. दिवाळीच्या गर्दीत मशीनला रेंज नसली की शेजारच्याचं किंवा भावाचं मशीन आणून फिरवतात. नियमात अजिबात बसत नाही, बँकेला कळलं तर मशीन काढून नेते. पण दारात चाळीस गिऱ्हाईक असल्यावर कोण ऐकतं? २७ ऑक्टोबरला रविवार होता, इचलकरंजी कापडाचं गाव. त्या दिवशी तिकडं गेला होता का? खरेदीच्या पिशव्या, खोकी, पर्स झाडून बघा. चार्जस्लिपवर तारीख, वेळ, कार्डाचे शेवटचे चार आकडे असतात. बिलावरची मोठी रक्कम आठवत बसू नका, शेवटी किती फिरवले ते बघा.

---

रंकाळ्याकाठची | मंगळवार, दुपारी १.४०

भाऊ, तुमच्या तोंडात साखर पडो. भाऊबीजेला दोन्ही वहिनींना साड्या घ्यायला त्या रविवारी इचलकरंजीला गेले होते. माझ्या डोक्यात ५,११० पक्कं बसलं होतं, कारण बिल तेवढं झालेलं. दुकानदारानं ‘दिवाळीचे’ म्हणून अडीचशे सोडले हे साफ विसरले. धाकट्या वहिनीला फोन केला, तिनं साडीचं खोकं टाकलं नव्हतं. त्यात स्लिप निघाली. अक्षरं उडून कागद जांभळट झालाय, पण कार्डाचे चार आकडे आणि ४,८६० दिसतात. वरती ‘ॲग्रो’. वहिनी म्हणते, वन्सं, मला खताच्या दुकानातली साडी नेसवलीत होय!

आता दुसरी गोष्ट. लेकीचा सकाळी फोन आला. रडत होती. परदेशी व्यवहार तिचाच आहे. कॉलेजात कंपन्या मुलाखतींना येणार म्हणून तिनं एका साइटवर रेझ्युमे बनवला. ‘एका डॉलरात’ असं मोठ्या अक्षरात, आणि १४ दिवसांनी २९.९५ डॉलर आपोआप कापू हे खाली मुंगीच्या अक्षरात. डॉलर तिनं जाणून भरला, पुढचं तिला माहीतच नव्हतं. काल मी ट्रेंटवरून इतकी झापली की ही गोष्ट तिच्या तोंडातून बाहेरच आली नाही. ट्रेंटचे निघाले ३४९ चे चार कुर्ते, त्यातला एक माझ्यासाठी होता.

काका, मी तर बँकेला ‘फसवणूक’ सांगून बसलेय.

---

निवृत्त_रोखपाल | मंगळवार, दुपारी ३.१५

काही बिघडलं नाही, पण आजच फोन करून दुरुस्त करा. बँक एक फॉर्म पाठवेल. त्यात ‘हा व्यवहार मी किंवा माझ्या माणसानं केलेला नाही’ अशी ओळ असेल, तिच्यावर सही करू नका. खोटी ठरली तर पुढची खरी तक्रारही कुणी ऐकणार नाही. वर्गणीच्या वादाचा वेगळा रकाना असतो, तो निवडा. २०१७ च्या परिपत्रकातलं शून्य जबाबदारीचं कलम आता तुम्हाला लागू नाही, हेही डोक्यात ठेवा. तुमची केस दुकानदाराशी वादाची झाली.

लेकीला आधी त्या साइटवर जाऊन वर्गणी रद्द करायला सांगा. कार्ड बंद झालं म्हणून वर्गणी संपली असं होत नाही. रद्द झाल्याचा स्क्रीनशॉट काढा, त्यांना मेल करून पैसे परत मागा, तो मेल फॉर्मला जोडा. साइटवाले मेलला घाबरत नाहीत, पण बँकेमार्फत चार्जबॅक, म्हणजे पैसे उलटे वसूल करायचा दावा, आला की त्यांनाच भुर्दंड पडतो, म्हणून पुष्कळदा आधीच परत करतात.

आणि बिल पूर्ण भरा, ही रक्कम धरून. ती वगळून भरलंत तर बँक बाकी धरू शकते, आणि मग सगळ्या खरेदीवर खरेदीच्या तारखेपासून व्याज चढतं. पैसे परत आले की जमा दिसतीलच. बँकेनं तीस दिवसांत दाद दिली नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं ऑनलाइन जाता येतं, १४४४८ वर माहिती मिळते. खरी चोरी असती तर १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवरही लगेच फोन करायला सांगितला असता.

---

रंकाळ्याकाठची | शनिवार, २१ डिसेंबर २०२४, रात्री ८.४५

काहींनी पुढं काय झालं विचारलं म्हणून धागा वर काढते.

बँकेतल्या मुलीला खरं सांगितलं. ती म्हणाली, मॅडम, निम्मे फोन असेच असतात. फॉर्म भरला, योग्य रकान्यात खूण केली. लेकीनं साइटला तीन मेल केले. दोनांना ‘आपलं समाधान हेच आमचं ध्येय’ छापाची उत्तरं आली. तिसऱ्यात तिनं ‘बँकेत वाद दाखल केला आहे’ असं लिहून तक्रार क्रमांक टाकला, त्यानंतर चार दिवसांत पैसे परत. आले २,५२४.७९, म्हणजे ८.९८ कमी, कारण त्या दिवशीचा डॉलरचा भाव वेगळा. मार्कअप आणि जीएसटीचे १०४.६४ काही आले नाहीत. पतसंस्थेत असते तर या फरकासाठी अर्धा दिवस घालवला असता, इथं सोडून दिले. आंतरराष्ट्रीय बटण बंद आहे.

साडीच्या दुकानात जाऊन मालकाला सांगून आले. भावाचं मशीन होतं हे त्यांनी कबूल केलं, चहा पाजला आणि बिलाच्या मागं भावाच्या फर्मचं नाव लिहून दिलं. आता काय उपयोग, पण घेतलं.

या महिन्याचं स्टेटमेंट लेकीनंच वाचून दाखवलं, व्हिडिओ कॉलवर. सगळ्या ओळी ओळखीच्या निघाल्या. एका ठिकाणी ती थांबली. ‘आई, ७ डिसेंबर, जुबिलंट फूडवर्क्स, ३४८ रुपये. तू पिझ्झा खाल्लास?’ मी नाही खाल्ला. त्या शनिवारी कार्ड ह्यांच्याकडं होतं, पेट्रोलला. ह्यांची शुगर जेवणानंतर दोनशे चाळीस आलेली आहे. आधी ‘मशीनवाल्याची चूक असेल’ म्हणून बघितलं. मग मी ‘बरं, बँकेला फोन लावते’ म्हटल्यावर, ‘लहानच होता’ म्हणाले.