मदत हवी आहे: विशेष सभेचा कोरम (सभेला लागणारी किमान हजेरी) कसा टिकवायचा?

मनीषनगर, ६० सभासदांची गृहनिर्माण संस्था. अध्यक्ष दुरुस्तीखर्चाचा विषय अजेंड्यावर येऊच देत नाहीत. खरी सत्ता अजेंडा ठरवण्यातच असते. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ७६ प्रमाणे एक पंचमांश, म्हणजे १२ सह्या दिल्या की समितीला महिन्याभरात विशेष सभा बोलवावी लागते, नाहीतर सहकार खात्याचे निबंधक ती बोलवू शकतात. सह्या जमतात हो, गोम पुढे आहे. आदर्श उपविधींप्रमाणे (संस्थांसाठीच्या नमुना नियमांप्रमाणे) कोरमला २० जण हवेत, आणि सभासदांनी मागितलेली सभा अर्ध्या तासात कोरम न भरल्यास तहकूब होत नाही, रद्दच होते. म्हणून अध्यक्षांचा गट घरीच बसतो. मुखत्यारपत्रावर कुणाला पाठवणंही चालत नाही. पुण्या-मुंबईत राहणारे आमचे फ्लॅटमालक येतील म्हणून दिवाळीची तारीख मागावी का? आणि उपनिबंधकांकडे अर्ज करताना सोबत काय काय जोडावं?