बाबांना कसारा घाट चढायचाय: ओपन रेल्समध्ये मोफत भारतीय गाड्या आणि मार्ग बसत नाहीत, मदत हवी

कळवा_कारशेड

नमस्कार मंडळी. मी कळव्याला राहते, कारशेडच्या बाजूला. गेममधलं मला फारसं कळत नाही, हे सगळं बाबांसाठी चाललंय.

बाबा मध्य रेल्वेत मोटरमन होते, २०१२ साली निवृत्त झाले. मोटरमन व्हायच्या आधी बरीच वर्षं कसारा घाटात बँकर इंजिनावर, म्हणजे चढावर गाडीला मागून ढकलणाऱ्या इंजिनावर, असिस्टंट होते. फेब्रुवारीत त्यांच्या दोन्ही गुडघ्यांचं ऑपरेशन झालं. तेव्हापासून दिवसभर खिडकीशी खुर्ची टाकून बसतात. गाडी दिसायच्या आधी, नुसत्या आवाजावरून सांगतात की रिकामी चाललीय की भरलेली. परवा जेवताना म्हणाले, "एकदा पुन्हा मालगाडी घेऊन कसाऱ्याहून इगतपुरीला चढायला मिळालं असतं तर." त्या रात्रीच मी शोधायला बसले.

लॅपटॉप जुना आहे. आय-थ्री, ८ जीबी रॅम, वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही. ओपन रेल्स (संगणकावर रेल्वे चालवायचा गेम) फुकट मिळतं असं वाचलं, त्यांच्याच साइटवरून उतरवलं, काही अडचण आली नाही. त्यांचा डेमो मार्गही चालला. बाबांनी दोन मिनिटं पाहिला आणि म्हणाले, "ही आपली लाइन नाही." गाडं अडलंय ते इथून पुढे.

आधी एका साइटवर "पूर्ण भारतीय रेल्वे पॅक, एका क्लिकमध्ये" असं लिहिलेलं दिसलं. डाउनलोडच्या बटणाला हात लावला की पाच खिडक्या उघडायच्या. शेवटी एक ईएक्सई फाइल आली, ती चालवली आणि अँटीव्हायरस ओरडायला लागला. लॅपटॉप साफ करून घेण्यात दोन दिवस गेले. नंतर एका जुन्या, नोंदणी करावी लागणाऱ्या लायब्ररीतून तीन झिप फाइली घेतल्या: घाटाचा एक मार्ग, मालगाडीचं इलेक्ट्रिक इंजिन वाघिणींसकट, आणि एक लोकल. तिन्ही उघडून फोल्डरात टाकल्या. मार्ग यादीत येतच नव्हता. ग्लोबल नावाचं फोल्डर लागतं असं कुठेतरी वाचलं, म्हणून डेमोतलं उचलून टाकलं आणि बरीच हलवाहलव केली. मग एकदा मार्ग उघडला, तर स्टेशन दिसतंय, डोंगर दिसतायत, आणि रूळच नाहीत. झाडांच्या जागी काही नाही. लोकल तर यादीत आलीच नाही.

भावाने २००२ साली घेतलेला मायक्रोसॉफ्टच्या ट्रेन सिम्युलेटरचा डबा माळ्यावर पडलाय, पण या लॅपटॉपला सीडी ड्राइव्ह नाही, म्हणून त्याच्या वाटेला गेले नाही.

कुठे चुकतंय? आणि विश्वासाने कुठून घ्यावं?

---

नेरुळ_लूप

ताई, बाबांना नमस्कार सांगा. माझा अनुभव ट्रेन्झ या दुसऱ्या रेल्वे गेमचा. तिथे मोफत सामानाचं कंपनीचंच कोठार आहे, प्रत्येक वस्तूला क्रमांक असतो आणि एक वस्तू दुसरीवर अवलंबून असेल तर तीही आपोआप उतरते. त्यामुळे हा फोल्डरांचा घोळ कमी. पण मूळ गेम विकत घ्यावा लागतो, आणि फुकट खात्याला डाउनलोडचा वेग कमी मिळतो. तुमच्या लॅपटॉपवर मी तरी ओपन रेल्सच चालवलं असतं. जाणकार सांगतीलच.

---

कोपरी_पूल

ताई, तुमच्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या माळ्यावर आहे. तो डबा आधी खाली काढा.

जरा सविस्तर लिहितो, कारण या एका गोष्टीपायी कितीतरी लोकांनी हा नाद सोडलेला मी पाहिलाय.

ओपन रेल्स हे नुसतं चालवणारं यंत्र आहे. मार्ग आणि गाड्या ते वाचतं त्या २००१ च्या मायक्रोसॉफ्टच्या गेमच्या पद्धतीने. त्या गेममध्ये सहा मार्ग होते: दोन अमेरिकेतले, दोन युरोपातले, दोन जपानचे. त्यांची फोल्डरं यूएसए१, यूएसए२, युरोप१, युरोप२, जपान१, जपान२. हौशी माणूस कसारा घाट बनवतो तेव्हा प्रत्येक झाड, प्रत्येक खांब नव्याने बनवत नाही, यातलंच बरंचसं वापरतो. पण ते मायक्रोसॉफ्टच्या मालकीचं, त्यामुळे स्वतःच्या झिपमध्ये घालून वाटता येत नाही. म्हणून तो सोबत एक छोटी फाइल देतो, बहुतेक वेळा तिचं नाव इन्स्टॉलमी डॉट बॅट. ती चालवली की तुमच्याकडच्या मूळ गेममधून लागेल तेवढं सामान मार्गाच्या फोल्डरात येतं. मूळ गेमच नसेल तर ती आणणार कुठून? विरजणाशिवाय दही लागत नाही. तुमची झाडं गायब आहेत ती याच कारणाने.

रुळांचंही तसंच. ग्लोबल फोल्डरात रुळांचे तुकडे आणि टीसेक्शन डॉट डॅट नावाची फाइल असते. तुकड्यांची सगळी मापं त्या फाइलीत. डेमोच्या ग्लोबलमध्ये फक्त डेमोला लागतील तेवढेच तुकडे आहेत. त्यात बहुतेक हौशी मार्गांना एक्सट्रॅक्स नावाचा जादा रुळांचा मोफत संच लागतो, तो मूळ गेममध्येही नाही, वेगळा घ्यावा लागतो. मार्गासोबतच्या रीडमीत, म्हणजे माहितीच्या फाइलीत, लिहिलेलं असतं. रीडमी वाचाच. बनवणाऱ्याने रात्री जागून ती लिहिलेली असते.

आता करायचं असं. बाहेरून लावायचा यूएसबी सीडी ड्राइव्ह माझ्याकडे आहे. कोपरीतच राहतो, ठाणे स्टेशनला पूर्वेला तिकीट खिडकीशी आणून देईन, विकत घेऊ नका. गेम बसवताना प्रोग्रॅम फाइल्समध्ये बसवू नका. विंडोज तिथे फाइली बदलू देत नाही, बदललेल्या फाइली भलत्याच जागी नेऊन ठेवतं, आणि आपण डोकं धरून बसतो. सरळ सी ड्राइव्हवर नवं फोल्डर करा आणि तिथे बसवा. मग एक्सट्रॅक्स. मग या सगळ्या फोल्डराची एक प्रत पेनड्राइव्हवर काढून ठेवा. पुढे काही बिघडलं तर इथपर्यंत दहा मिनिटांत परत येता येईल. ही प्रत न काढल्यामुळे मी एकदा आठवडाभराचं काम घालवलंय.

त्यानंतर घाटाची झिप आधी दुसरीकडे उघडून पाहा. उघडल्यावर फोल्डराच्या आत त्याच नावाचं आणखी एक फोल्डर निघतं का? मार्ग यादीत आला नाही तर दहातल्या आठ वेळा हेच कारण असतं. आतलं फोल्डर उचलून रूट्समध्ये ठेवा, त्या सहा मार्गांच्या शेजारी, कारण इन्स्टॉलमी शेजारच्या फोल्डरांतच शोधते. मार्गाच्या फोल्डरात जाऊन ती चालवा. काळी खिडकी उघडेल, ओळी धावतील, "फाइल सापडली नाही" असं कुठे येतंय का ते डोळ्यांत तेल घालून बघा. शेवटी ओपन रेल्सच्या ऑप्शन्समध्ये कंटेंट नावाच्या पानावर हे मुख्य फोल्डर जोडा.

तरी अडलंच, तर डेस्कटॉपवर ओपनरेल्सलॉग नावाची टेक्स्ट फाइल तयार होते. कुठली फाइल मिळाली नाही ते तिच्यात नावानिशी लिहिलेलं असतं. ते नाव इथे टाका, आपण शोधू.

कुठून घ्यावं, तर ट्रेनसिम डॉट कॉमची लायब्ररी जुनी आणि खात्रीची आहे. ओपन रेल्सबद्दलची चर्चा एल्व्हास टॉवर या फोरमवर चालते. आपल्याकडच्या पुष्कळ गाड्या मी याहू ग्रुपांमधून उतरवल्या होत्या, ते ग्रुप २०२० साली कायमचे बंद झाले. म्हणून आता लोक तीच पॅकं कुठूनही उचलून आपल्या नावावर, जाहिराती लावून ठेवतात. माझा नियम साधा: ज्या पॅकमध्ये बनवणाऱ्याचं नाव आणि रीडमी नाही, ते घ्यायचं नाही. आणि गाडीची, मार्गाची हवी ती झिप किंवा सेव्हन-झिप. तुम्हाला मिळालं तसं अनोळखी साइटवरचं ईएक्सई कधीच उघडू नका.

---

घणसोलीकर

कोपरी दादांनी मार्गाचं सगळं सांगितलं, मी लोकलचं सांगतो. ओपन रेल्सच्या यादीत इंजिन दिसायचं तर ते कुठल्यातरी कन्सिस्टमध्ये असावं लागतं. कन्सिस्ट म्हणजे रेकची जुळणी, इंजिनापासून शेवटच्या डब्यापर्यंत कोण कुणामागे ते लिहिलेली साधी टेक्स्ट फाइल, शेवट डॉट सीओएन. डबे ट्रेनसेट फोल्डरात, आणि ही फाइल कन्सिस्ट्स फोल्डरात. तुमच्या पॅकमध्ये ती नसेल किंवा चुकीच्या जागी पडली असेल.

ही फाइल हाताने लिहिता येते. एखादी चालणारी घ्या, नाव बदला, आतली नावं बदला. फोल्डराचं नाव अक्षर न् अक्षर जुळायला हवं. झिप दोनदा उतरवल्यामुळे फोल्डराच्या नावाला कंसातला १ चिकटला असेल तरी गाडी येत नाही. बारा डब्यांची लोकल म्हणजे तीन-तीन डब्यांची चार युनिटं, शेवटची कॅब, म्हणजे चालकाची खोली, उलट्या तोंडाची हवी, त्या डब्याच्या नोंदीत फ्लिप असं लिहायचं. नोटपॅडमध्ये सेव्ह करताना एन्कोडिंग यूटीएफ-१६ एलई ठेवा.

कॅब काळी दिसली किंवा आवाज आला नाही, तर ट्रेनसेटमध्ये कॉमन डॉट कॅब आणि कॉमन डॉट एसएनडी ही फोल्डरं आहेत का बघा. बरीच इंजिनं कॅब आणि आवाज तिथून उसने घेतात.

लॅपटॉपसाठी: डायनॅमिक शॅडो बंद करा, लांबचं दिसण्याचं अंतर कमी करा. घाटात डोंगर आड येतातच, फारसं बिघडत नाही.

---

कळवा_कारशेड

नऊ दिवसांनी लिहितेय. कोपरी दादा, ड्राइव्हबद्दल किती आभार मानू. तुम्ही ऑफिसची गाडी सोडून थांबलात.

डब्यातल्या दोन्ही सीडी अजून चांगल्या निघाल्या. मार्गाच्या फोल्डरात खरंच त्याच नावाचं दुसरं फोल्डर होतं. इन्स्टॉलमी पहिल्यांदा चालवली ती चुकीच्या जागेवरून, ओळ न् ओळ "सापडली नाही". दुसऱ्यांदा झाडं आली. रूळ एक्सट्रॅक्सनंतर आले. इंजिनाला आवाज नव्हता, लॉगमध्ये कॉमन डॉट एसएनडीचं नाव दिसलं, ते फोल्डर मी पहिल्या दिवशी पसारा समजून पुसलं होतं. झिपमधून परत काढलं.

लोकल बाबांनी एकदाच चालवली. ब्रेक लागायला वेळ लागतो म्हणाले, खऱ्या लोकलला ईपी ब्रेक असतो, हात फिरवला की सगळ्या डब्यांना एकदम लागतो. आणि डेडमॅन हँडल (सोडलं की गाडी थांबते) दाबून धरावं लागत नाही, याची त्यांना फार चुटपुट लागली. मग ऑप्शन्समध्ये अलर्टर, म्हणजे चालक जागा आहे का ते तपासणारी सोय, सुरू केला. आता ठरावीक वेळाने झेड दाबावा लागतो. "हं, आता जागं राहायला लागेल," म्हणाले.

पण त्यांचा जीव घाटात. शनिवारी रात्री जेवणं झाल्यावर हवामानात पाऊस निवडला आणि मालगाडी कसाऱ्याला उभी केली. कीबोर्डवर मी, शेजारी ते. पी दाबून पेंटोग्राफ वर केला, डब्ल्यू ने दिशा, डी ने एकेक नॉच, म्हणजे जोराची पायरी. चढ ३७ ला १ आहे, म्हणजे ३७ मीटर गेलं की एक मीटर वर. गाडी थोडी सरकली आणि थांबली. मी घाबरले, मला वाटलं माझंच काही चुकलं. बाबा शांतपणे म्हणाले, "थांबणारच. बँकर कुठाय?"

घणसोलीकर दादा, तुम्ही शिकवलं होतं म्हणून जमलं. दोघांनी बसून कन्सिस्ट लिहिली. वाघिणी किती, ते बाबांनी सांगितलं. शेवटच्या वाघिणीमागे दोन इंजिनं. पुन्हा कसाऱ्याहून सुटलो आणि गाडी चढली. पहिला बोगदा आला तेव्हा बाबांनी हात पुढे करून भोंग्याचा स्पेसबार दाबला, मला न सांगता. पुढे एका वळणावर म्हणाले, इथे वरून येणाऱ्या लाइनला कॅच साइडिंग हवी होती. उतरताना गाडी हाताबाहेर गेली तर तिला वळवायला वर चढणारा रूळ असतो, तो बनवणाऱ्याने दाखवलेला नाही. मार्ग बनवणाऱ्याला मी तसं कळवलंय, आभारासकट.

आता एकच. बाबा म्हणतात, मी घाटात पुढच्या इंजिनात फार थोडा बसलो, सगळी वर्षं मागच्या. मला मागे बसता येईल का?

---

कोपरी_पूल

येईल. गाडी उभी असताना कंट्रोल आणि ई एकत्र दाबा. दर वेळी गाडीतल्या कॅब असलेल्या त्यानंतरच्या इंजिनात जाता येतं. मागच्या बँकरमध्ये पोचेपर्यंत दाबत राहा.

---

कळवा_कारशेड

बसले. समोर वाघिणीची पाठ दिसते, बाकी काही नाही, आणि त्यांना तेच हवं होतं. दीड तास उठले नाहीत, मग मीच गुडघ्यांसाठी उठवलं.

त्यांचं इंजिन डब्ल्यूसीजी-२ होतं, चित्तरंजनचं, १५०० व्होल्ट डीसीवर चालणारं. मुंबई विभागात २०१६ पर्यंत सगळीकडे २५,००० व्होल्ट एसी आलं, त्यामुळे आता ते धावताना दिसत नाही. कुणी बनवलं असेल, अर्धवट का होईना, तर बनवणाऱ्याच्या नावासकट मला सांगा. रीडमी मी पूर्ण वाचेन.