शब्दचर्चा: ‘हाय-रेझ’, ‘लॉसलेस’ आणि ‘बिनघट’

सातपूरकर: एका नोंदीसाठी ‘हाय-रेझोल्यूशन ऑडिओ’ला (‘हाय-रेझ’ला) मराठी शब्द हवा आहे. यंत्राकडून भाषांतर घेतलं तर ‘उच्च ठराव संगीत’ निघतं. महापालिकेच्या सभेत मंजूर झाल्यासारखं. आणि ‘लॉसलेस’ म्हणजे तेच का?

पंचवटीकर: नाही, दोन्ही वेगळे. ‘लॉसलेस’ हा गुण बांधणीचा: फाइल आवळली, पण उघडल्यावर बिट न् बिट तोच. ‘हाय-रेझ’ ध्वनिमुद्रणाच्या मोजमापाबद्दल बोलतं. सीडी १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ, म्हणजे आवाजाचे सेकंदाला ४४,१०० नमुने, प्रत्येक १६ बिटांचा. त्यावरचं २४ बिट, ९६ किंवा १९२ ते हाय-रेझ. म्हणजे सीडीची फ्लॅक फाइल (फ्लॅक हा आवळलेल्या लॉसलेस फाइलचा प्रकार) लॉसलेस आहे, हाय-रेझ नाही. हाय-रेझसाठी ‘विभेदन’ सुचवता येईल, पण दुकानात कुणाला कळणार नाही. ‘हाय-रेझ’च राहू द्या.

लासलगावकर: लॉसलेसला ‘बिनघट’ म्हणा की! कांदाचाळीत साठवलेल्या कांद्याची घट सगळ्या जिल्ह्याला कळते.

पंचवटीकर: शब्द झकास, पण एक खोच आहे. फ्लॅकमध्ये फाइलचा आकार घटतोच, बऱ्याचदा निम्म्याच्या आसपास येतो. घटत नाही तो मजकूर. तेवढं सांगून ‘बिनघट’ वापरायला हरकत नाही.

सिडकोवाला: ‘बिट डेप्थ’चं (एका नमुन्याला किती बिट) मात्र ‘बिट-खोली’ करू नका, २४ बिटांची खोली भाड्याने मिळेल असं वाटतं. ‘नमुना-दर’ हा सॅम्पलिंग रेटला (सेकंदाला किती नमुने) बरा आहे.

सातपूरकर: बरं. ॲपमध्ये हाय-रेझ लॉसलेस चालू आहे, कानात ब्लूटूथ इअरबड. मग जे ऐकू येतं त्याला काय म्हणायचं?

पंचवटीकर: घट आलेलं. हाय-रेझ ही चिठ्ठी फाइलवरची आहे, कानापर्यंत पोचलेल्या आवाजावरची नव्हे. सीडीच्या दर्जाला आवळण्याआधी सेकंदाला १,४११ किलोबिट लागतात, २४/१९२ ला ९,२१६. ब्लूटूथवर आवाज आवळून पाठवायच्या पद्धती असतात. त्यातली एलडॅक जास्तीत जास्त ९९० देते, तेही सिग्नल चांगला असेल तर. नाहीतर ६६० किंवा ३३० वर उतरते. आयफोन एलडॅक वापरतच नाही, एएसी किंवा एसबीसी या दुसऱ्या पद्धती वापरतो. तेव्हा आधी वायर, मग पुढचं बोलू.

सातपूरकर: वायर लावली तर झालं?

सिडकोवाला: तिथेच गाडी अडते. अँड्रॉइडचा मिक्सर (सगळ्या ॲपचे आवाज एकत्र करणारा भाग) बहुतेक फोनांत सगळं ४८ किलोहर्ट्झवर आणतो. याला रीसॅम्पलिंग म्हणतात. मराठीत ‘फेरनमुना’ चालेल. अँड्रॉइड १४ पासून यूएसबी डॅकला (बिटांचा आवाज करणाऱ्या डबीला) बिट जसेच्या तसे देण्याची सोय आहे, पण ती ॲपनेही वापरायला हवी. नाहीतर यूएसबी ऑडिओ प्लेयर प्रोसारखं स्वतःचा ड्रायव्हर असलेलं ॲप घ्या.

विंडोजमध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, साउंड, मग डॅक निवडून फॉरमॅट पाहा. तिथे ४८,००० असेल तर ४४,१००चं गाणंही त्या दराने बदलूनच जातं. प्लेयरमध्ये ‘एक्स्क्लुझिव्ह मोड’ असेल तर चालू करा. डॅक एकट्या त्या प्लेयरच्या ताब्यात जातो, व्हॉट्सॲपची टिंगही मध्ये येत नाही. खात्री डॅकवरच्या दिव्याने करा. पुष्कळ डॅकमध्ये दरानुसार रंग बदलतो किंवा आकडा दिसतो. ॲपवरच्या बिल्ल्यावर विश्वास ठेवू नका.

भद्रकालीकर: आयफोनवाल्यांसाठी: सेटिंग्जमध्ये ॲप्स, म्युझिक, ऑडिओ क्वालिटी, लॉसलेस ऑडिओ. मोबाइल डेटा, वाय-फाय आणि डाउनलोड यांचा दर्जा वेगवेगळा निवडावा लागतो. लोक एकच बदलतात. ॲपलचं छोटं यूएसबी-सी ते ३.५ मिमी ॲडॅप्टर हाही डॅकच आहे, पण ४८ च्या वर जात नाही. ९६ किंवा १९२ हवं तर दुसरा डॅक घ्या. ॲपलच्याच आकड्यांनुसार तीन मिनिटांचं गाणं २४/१९२ मध्ये सुमारे १४५ एमबी, २४/४८ मध्ये ३६. जुन्या नाशकातल्या वाड्यांच्या जाड भिंतींआड ५ गिगाहर्ट्झ वाय-फाय दमतं. तिथे आधी डाउनलोड केलेलं बरं.

लासलगावकर: इक्वलायझर?

सिडकोवाला: बेस ६ डेसिबलने वाढवलात तर प्रीॲम्प (इक्वलायझरमधली एकूण आवाजाची पट्टी) तेवढाच खाली आणा, नाहीतर तबल्याचा बायां फाटतो. याला ‘क्लिपिंग’ म्हणतात, आणि ‘फाटणं’ हा मराठी शब्द त्याहून सरस आहे.

पंचवटीकर: जुन्या नाट्यसंगीताच्या ध्वनिफिती १९२ वर घ्यायची हौस असेल तर घ्या, पण फितीची सरसर १६ बिटांच्या तळापेक्षा, म्हणजे त्यात मावणाऱ्या सगळ्यात हळू आवाजापेक्षा, कितीतरी वर असते. तिथे बिटांपेक्षा मूळ फितीवरून केलेली चांगली नक्कल महत्त्वाची.

सातपूरकर: म्हणजे नोंदीत ‘बिनघट’ फाइलपुरता लिहितो, आणि डॅकपर्यंतच्या वाटेला ‘जसंच्या तसं’. ‘बिट-परफेक्ट’साठी कुणाला याहून आटोपशीर सुचतंय का?

भद्रकालीकर: ‘अखंड’ नको, ते वाय-फायला लागतं.