भाऊ अग्निवीर आहे, चार वर्षं संपत आली. व्यावसायिक फुटबॉलसाठी आता उशीर झालाय का? सल्ला हवा

ऋतुजा_प

नमस्कार मंडळी. फौजेत खेळलेल्या किंवा क्लब फुटबॉल जवळून पाहिलेल्या जाणकारांचा सल्ला हवा आहे.

माझा धाकटा भाऊ अग्निवीरांच्या पहिल्या तुकडीत 2023 च्या सुरुवातीला प्रशिक्षणाला गेला. आता तो तेविशीत आहे. शाळेत फुटबॉल खेळायचा, पण अकादमी, शिबिरं असं काही त्याच्या वाट्याला आलं नाही. फौजेत गेल्यावर कंपनीच्या सामन्यांत त्याच्याकडे लक्ष गेलं. तिथून युनिटचा संघ, मग वरच्या पातळीवरच्या स्पर्धा, आणि आता लष्कराच्या संघाच्या निवड शिबिरापर्यंत तो पोचलाय. सेंटर बॅक (बचाव फळीच्या मध्यभागी) खेळतो, डावखुरा आहे, उंची सहा फुटांच्या आसपास. एका सामन्यानंतर एका क्लबच्या सहायक प्रशिक्षकाने स्वतःहून त्याचा नंबर घेतला. तेव्हापासून त्याचं मन तिकडेच आहे.

चार वर्षं संपली की फार तर 25 टक्के मुलांना कायम करतात. त्यात त्याची निवड झाली तर पुढची किमान 15 वर्षं नोकरी, पेन्शन, सगळं. आईबाबांना तेच हवंय. तो म्हणतो, "ताई, पंधरा वर्षांनी मला कुठला क्लब घेणार?" मला दोघांचंही पटतं आणि म्हणूनच झोप लागत नाही. इतक्या उशिरा सैन्यातून कुणी खरोखर व्यावसायिक खेळाडू झालंय का? आणि झालं असेल तर त्यांनी काय वेगळं केलं?

त्याच्या युनिटबद्दल काही लिहिणार नाही, कृपया विचारू नका.

निवृत्त_सुभेदार

ऋतुजाताई, युनिटचं नाव लिहिलं नाहीत हे उत्तम केलंत.

आधी नोकरीची बाजू सांगतो. अग्निवीराला मुदतीआधी स्वतःच्या मर्जीने बाहेर पडता येत नाही, अगदी अपवादात्मक कारण असेल तरच. त्यामुळे "क्लबने बोलावलंय, सोडून येतो" हा विचार त्याने आत्ता मनातही आणू नये. चार वर्षं पूर्ण करून बाहेर पडला तर सेवा निधीचे (पगारातून कापलेला वाटा आणि सरकारचा वाटा मिळून) व्याजासह साधारण 11.71 लाख रुपये हातात येतील, त्यावर आयकर नाही. पेन्शन किंवा ग्रॅच्युइटी मात्र नाही. कायम झाला तर सेवा निधीतला फक्त त्याचा स्वतःचा वाटा व्याजासह मिळतो. हा फरक घरच्यांना नीट समजावून सांगा. आमच्याकडे बऱ्याच घरांत हा आकडा दोन्हीकडे धरून हिशेब चाललेला दिसतो.

माझं मत विचाराल तर कायम होण्यासाठी अर्ज करावा. फौजेतला फुटबॉल कमी दर्जाचा नाही. सेनादलाचा संघ 2011-12 पासून संतोष करंडक ही राष्ट्रीय स्पर्धा वरचेवर जिंकत आला आहे. 2016 ला नागपुरात आपल्याच महाराष्ट्राला अंतिम सामन्यात 2-1 ने हरवलं, तेव्हा मी स्टँडमध्ये होतो आणि कुणाच्या बाजूने ओरडावं ते कळत नव्हतं. 2023-24 ला अरुणाचलात युपियाला गोव्याविरुद्ध 1-0. वर्दीत राहूनही मोठा खेळाडू होता येतं.

हाफटाइम

ताई, उदाहरणं विचारलीत म्हणून सविस्तर लिहितो. हा माझा जिव्हाळ्याचा विषय आहे.

पहिलं नाव गाय व्हिटिंगहॅम. ब्रिटिश लष्करात कॉर्पोरल होता. 1989 मध्ये 24 वर्षांचा असताना त्याने 450 पौंड भरून लष्करातून सुटका करून घेतली (तिथे तशी सोय होती) आणि पोर्ट्समथकडे गेला. तेव्हा हा क्लब दुसऱ्या श्रेणीत होता. पहिल्याच हंगामात त्याचे वीसहून जास्त गोल झाले. 1992-93 मध्ये त्याने लीगमध्ये 42 गोल केले, एका हंगामातला क्लबचा हा विक्रम आहे. पुढे 12 लाख पौंडांना अ‍ॅस्टन व्हिलाने त्याला घेतलं, म्हणजे 28 व्या वर्षी तो प्रीमियर लीगमध्ये पोचला.

ही गोष्ट सांगताना बहुतेक जण ते 450 पौंड आणि ते 42 गोल सांगतात आणि मधला भाग गाळतात. मला तोच भाग सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. लष्करात असताना तो लष्कराच्या संघाकडून खेळत होताच, शिवाय ऑक्सफर्ड सिटी, येओव्हिल अशा अर्धव्यावसायिक क्लबांकडूनही खेळत होता. म्हणजे पोर्ट्समथने त्याला घेतलं तेव्हा बराकीतला एक अनोळखी मुलगा घेतला नव्हता. मोठ्या माणसांच्या, अंगावर येणाऱ्या, पैशासाठी खेळणाऱ्या बचावपटूंसमोर गोल करणारा स्ट्रायकर घेतला होता. वर्दी उतरवली ती करार ठरल्यावर.

आपल्याकडचं उदाहरण पीटर थंगराज. 1953 मध्ये फौजेत दाखल, मद्रास रेजिमेंटल सेंटरचा गोलकीपर. त्या संघाने 1955 आणि 1958 ला ड्युरंड चषक जिंकला. सेनादलाने पहिल्यांदा संतोष करंडक जिंकला तो 1960 च्या हंगामात, त्याच्याच नेतृत्वाखाली. त्यानंतर तो कोलकात्याला गेला आणि मोहम्मडन स्पोर्टिंग, मोहन बागान, ईस्ट बंगाल असा तिन्ही मोठ्या क्लबांकडून खेळला. मधल्या काळात दोन ऑलिंपिक आणि 1962 च्या आशियाई खेळांचं सुवर्ण. क्लबांत आला तेव्हा तो पंचविशीत होता. त्या काळचं कोलकाता आजच्या अर्थाने व्यावसायिक नव्हतं, पण त्या काळात त्याच्या वरची पायरी भारतात नव्हती.

दोघांचंही बघा, फौजेनेच त्यांना मोठ्या सामन्यांपर्यंत नेलं आणि त्या सामन्यांनी पुढचं दार उघडलं. तुमच्या भावाचा रस्ता चुकलेला नाही. प्रश्न इतकाच की तो त्या रस्त्यावर किती पुढे आलाय.

रेघेबाहेर

हाफटाइम यांचा प्रतिसाद आवडला, पण ही अपवादांची उदाहरणं आहेत हे घरच्यांना जरूर सांगा. ज्यांचं जमलं नाही त्यांच्याबद्दल कुणी लिहीत नाही.

आणि भाऊ कुणाशी स्पर्धा करणार आहे तेही पाहा. कोल्हापूरचा अनिकेत जाधव 2017 मध्ये 17 वर्षांखालील विश्वचषक खेळला, त्याआधी कित्येक वर्षं पुण्याच्या क्रीडाप्रबोधिनीत घडला. आजच्या क्लबांमधली बहुतेक मुलं तशीच लहानपणापासून प्रशिक्षण घेऊन आलेली असतात. त्यांच्या आणि याच्या पायांत हजारो तासांचं अंतर आहे.

ऋतुजा_प

खूप आभार सगळ्यांचे. व्हिटिंगहॅमबद्दल भावाला फोनवर वाचून दाखवलं. मधल्या भागावर तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "म्हणजे मला आधी क्लबवाल्यांसमोर खेळायला पाहिजे." ते कसं जमवायचं? आणि रेघेबाहेर म्हणतात ते तासांचं अंतर भरून निघतं का?

मैदानकाठ

मी राज्य पातळीवरच्या क्लबसोबत काम करतो, मुलांच्या ट्रायल्स घेतो. नेमकं सांगायचा प्रयत्न करतो.

अंतर पूर्ण भरून निघत नाही. विंगर किंवा मधल्या फळीतला खेळाडू असता तर मी सरळ "कठीण आहे" म्हटलं असतं. पण सेंटर बॅक आणि गोलकीपर या जागा उशिरा पिकतात. त्यातही डावखुरा सेंटर बॅक. मागून चेंडू बाहेर काढताना डाव्या बाजूला डावा पाय असला की पासचा कोन उघडतो, उजव्या पायाच्या मुलाला तिथे अंग वळवावं लागतं आणि तेवढ्यात समोरचा स्ट्रायकर येऊन धडकतो. असा खेळाडू आपल्याकडे सहज मिळत नाही. त्या सहायक प्रशिक्षकाने नंबर का घेतला असेल, त्याचा माझा अंदाज हाच.

फौजेतून आलेल्या मुलांमध्ये मला नेहमी दिसतं ते असं: हेडिंग, टॅकल, दम, शिस्त एक नंबर. सांगितलेली जागा सोडत नाहीत. कमी पडतात ते चेंडू येण्याआधी मान वळवून मागे पाहण्यात आणि दबावाखाली पहिला स्पर्श पुढच्या पाससाठी योग्य बाजूला काढण्यात. ही सवय तेविशीतही लावता येते, मी लागलेली पाहिली आहे. रोज अर्धा तास भिंत आणि एक जोडीदार. चेंडू यायच्या आत जोडीदाराने मागून आकडा दाखवायचा, याने मान वळवून तो ओरडायचा आणि मग चेंडू घ्यायचा. कंटाळवाणं आहे, पण काम करतं.

क्लबांसमोर खेळण्याची सर्वात मोठी संधी त्याच्या हाताशीच आहे, ती म्हणजे ड्युरंड चषक. 1888 ला शिमल्यात ब्रिटिश फौजींसाठी सुरू झालेली ही स्पर्धा आता हंगामाच्या तोंडावर होते आणि आयएसएलचे (इंडियन सुपर लीगचे) क्लब तिथे उतरतात. लष्कराचा संघही असतो. 2023 मध्ये तो उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेला होता. त्या संघात जागा मिळाली तर 90 मिनिटं व्यावसायिक स्ट्रायकर अंगावर घेण्याची परीक्षा आपोआप होते आणि ती सगळे बघतात. कुठल्याही खासगी ट्रायलपेक्षा हे मोलाचं आहे. म्हणून त्याचं आत्ताचं एकच ध्येय असावं: निवड शिबिरातून संघात जायचं.

एक ताकीद. "ट्रायलसाठी इतके हजार भरा" म्हणणाऱ्या कुणाच्याही नादी लागू नका. एजंट भेटला तर त्याच्याकडे फिफाचा परवाना आहे का ते आधी तपासा. आणि फुटबॉल महासंघाच्या नोंदणी प्रणालीत, म्हणजे सीआरएसमध्ये, भावाची नोंदणी सध्या कुठल्या संघाच्या नावावर आहे ते विचारून घ्या. करार तोंडावर आल्यावर ना-हरकतीसाठी धावपळ करणारी मुलं पाहिली आहेत.

फिजिओ_मानसी

शरीराबद्दल थोडं. फौजेचा दम आणि फुटबॉलचा दम वेगळा. फौजेतली लांब धाव एका लयीत असते. सेंटर बॅक सामन्यात 9-10 किलोमीटर फिरतो, पण निकाल लागतो तो थांबून पुन्हा फुटलेल्या छोट्या स्प्रिंटवर, वळण्यावर आणि ब्रेक मारण्यावर. क्लब बहुधा यो-यो चाचणी घेतात: 20 मीटर जाऊन परत, मग 10 सेकंद विश्रांती, वेग वाढत जातो. लांब धावांमध्ये पहिला येणारा मुलगा इथे पहिल्यांदा मागे पडू शकतो. त्याने आत्तापासून आठवड्यातून दोनदा छोट्या, पूर्ण ताकदीच्या धावा कराव्यात आणि मध्ये पुरेशी विश्रांती घ्यावी.

मांडीच्या मागच्या स्नायूंसाठी नॉर्डिक व्यायाम (गुडघ्यावर बसून, कुणीतरी घोटे धरायचे आणि सावकाश पुढे झुकत जायचं) नियमित करावा. यामुळे हॅमस्ट्रिंगच्या दुखापती जवळपास निम्म्याने कमी होतात असं अभ्यासांमध्ये दिसलंय. बूट घालून परेड, पाठीवर वजन आणि वर फुटबॉल यामुळे नडगी दुखत असेल तर ते अंगावर काढू नये. ट्रायलच्या आधी सहा आठवडे बाहेर बसण्यापेक्षा आत्ता सहा दिवस कमी धावणं परवडतं.

रेघेबाहेर

पैशाचं कुणी बोललं नाही म्हणून लिहितो. 2025 मध्ये व्यावसायिक हक्कांचा करार लटकला आणि आयएसएलचा हंगाम वेळेवर सुरूच झाला नाही. काही क्लबांनी खेळाडूंचे पगार थांबवले. हे देशातल्या सगळ्यात वरच्या लीगचं. त्याखालच्या पातळीवर एका हंगामाचा करार मिळणं हीच मोठी गोष्ट. सेवा निधीची रक्कम फुटबॉलवर खर्च करायला निघाला तर दोन वर्षांत संपेल.

मधला रस्ता म्हणजे खेळाडू कोट्यातली नोकरी. रेल्वेच्या कोट्याला वयाची मर्यादा 25 आहे आणि त्यात सूट नसते. म्हणजे बाहेर पडल्यावर त्याच्याकडे जेमतेम दोन वर्षं उरतात. हे वेळापत्रक आईबाबांसमोर कागदावर मांडा.

निवृत्त_सुभेदार

मैदानकाठ आणि रेघेबाहेर यांचं वाचून माझं मत थोडं बदललंय. पोराकडे क्लबचा लेखी करार असेल तर त्याला अडवू नका. लेखी म्हणजे सही-शिक्क्याचा, किमान दोन हंगामांचा. "ये, बघू" असं तोंडी असेल तर मी माझ्या मतावर ठाम आहे: कायम होण्याचा अर्ज करावा. अर्जाच्या अटी आणि तारखा त्याने युनिटच्या कार्यालयातून वाचून घ्याव्यात, बराकीतल्या ऐकीव माहितीवर जाऊ नये.

आणि त्याने आपल्या साहेबांशी उघड बोलावं. फौजेत चांगल्या खेळाडूला पुढे करणारे अधिकारी भेटतात, पण मनातलं सांगितलं तरच. लपूनछपून क्लबशी बोलणी केली तर शिबिरातली जागाही जाईल.

ऋतुजा_प

काल घरी सगळ्यांना एकत्र बसवून हे प्रतिसाद वाचले, भाऊ फोनवर होता. बाबा आधी ऐकायलाच तयार नव्हते. सुभेदार साहेबांची दोन हंगामांच्या लेखी कराराची अट त्यांना पटली. ड्युरंडचा संघ जाहीर होईपर्यंत कुणी विषय काढायचा नाही असं ठरलंय. भाऊ साहेबांशी या आठवड्यात बोलणार आहे. आईने मात्र अजून होकार दिलेला नाही, आणि मी तिला तो मागितलाही नाही.

मैदानकाठ, एक शंका राहिली. त्या सहायक प्रशिक्षकाला सामन्यांचा व्हिडिओ पाठवावा का? आमच्याकडे मोबाइलवर काढलेले दोन सामने आहेत.

मैदानकाठ

पाठवा, पण आधी साहेबांची परवानगी घेऊन, आणि मैदानाखेरीज छावणीतलं काहीही दिसत नाही ना ते पाहून. गोल वाचवल्याचे तुकडे जोडून गाणं लावू नका. सलग 20 मिनिटं पाठवा, ज्यात त्याने चुकीचे पासही दिलेत. चूक झाल्यावर पुढच्या चेंडूला तो काय करतो हे प्रशिक्षकाला बघायचं असतं. खाली जर्सीचा क्रमांक, डावा पाय, उंची, जन्मसाल आणि सेवेची मुदत कधी संपते एवढंच लिहा.