डोळे वटारणारा हा जपानी नट कोण? बाबांना सांगायचंय

वेंगुर्लेकर:
माझे बाबा दशावतारात राजपार्टी, म्हणजे राजाची कामं करणारे नट होते. आता गुडघे गेले, जत्रांना जात नाहीत. परवा त्यांना मोबाइलवर १९२१ चा जपानी मूकपट दाखवला. नायक बोटं जुळवून मंत्र म्हणतो, धूर होतो आणि त्याचा भलाथोरला बेडूक होतो! बाबांचं लक्ष बेडकाकडे नव्हतंच. नायकानं डोळे मोठे करून नजर रोखली तसे ते खुर्चीत पुढे सरकले. म्हणाले, "ह्यो आमच्यातलोच. रातभर उभो रवलेलो." नाव विचारलं, मला सांगता येईना. हा नाटकातून आलेला का?

देवगडवाला:
बाबांनी बरोबर ओळखलं. हा ओनोए मात्सुनोसुके, मूकपट 'जिराइया'. जन्म १८७५, ओकायामाचा. काबुकी म्हणजे जपानचं पारंपरिक नाटक, त्याच्या फिरत्या मंडळीत गावोगाव खेळ करायचा. क्योतोत नाट्यगृह चालवणाऱ्या माकिनो शोझोनं त्याला हेरलं आणि १९०९ मध्ये पडद्यावर आणलं. १९२६ मध्ये वारला तोवर हजाराच्या आसपास चित्रपट! सुरुवातीचे छोटे असत, कॅमेरा एका जागी ठेवून नाटकासारखा प्रवेश भराभर टिपायचे. बायकांच्या भूमिकाही पुरुषच करत. लोक त्याला लाडानं 'डोळेवाला मात्चान' म्हणत. बेडकाचं म्हणाल तर आपला ट्रिकसीनच: कॅमेरा थांबवायचा, नट बाजूला, बेडूक जागेवर, पुन्हा सुरू. वाईट इतकंच वाटतं की त्या हजारातले मोजकेच आज शिल्लक आहेत.

कुडाळ स्टँड:
पुढे बांदो त्सुमासाबुरो हा नट आला. त्याचा १९२५ चा 'ओरोची' बघा, शेवटची तलवारबाजी अंगावर येते. त्यापुढे मात्सुनोसुकेची लढाई संथ, नाचासारखी वाटते. पण मला तीच आवडते. पखवाजावर पाय टाकत युद्ध खेळणारे आपले राजे पाहिलेत ना, त्यांना ती संथ वाटणार नाही.

वेंगुर्लेकर:
सगळं वाचून दाखवलं. हजारचा आकडा बाबांनी दोनदा विचारला. मग म्हणाले, भाषणं कोण लिहून द्यायचं? आमची तर उभ्या उभ्या मनातून यायची.

देवगडवाला:
मूकपटच तो. पडद्याशेजारी 'बेन्शी' नावाचा निवेदक उभा राहून सगळी कथा सांगायचा, पात्रांचं बोलणंही तोच बोलायचा.

वेंगुर्लेकर:
हे सांगितल्यावर बाबा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "म्हणजे ह्येची भाषणां दुसरोच करी? मग डोळे मोठे करूकच व्हये."